बसाप्पाण्णांच्या दोरीवाल्या सिस्टर

कोल्हापुरात कुठंही नन दिसली की बसाप्पाण्णा आधी तिच्या कमरेकडे बघायचे. पन्नाशी उलटलेली, कपाळावर भस्माचे पट्टे, गळ्यात लिंग, आणि नजर तिथं. स्टँडवर एकदा एका कंडक्टरनं त्यांना हटकलं. अण्णा शांतपणे म्हणाले, "पावणं, दोरी बघतोय." त्यानं कंडक्टरचा गैरसमज वाढलाच.

खुलासा करतो. शाहूपुरीत माझ्या घराला लागून अण्णांचं घर आणि पुढच्या खोलीत दोरखंड-सुतळीचं दुकान. त्यांना एका सिस्टरला गाठायचं होतं. एक गोष्ट तिला सांगायची राहून गेली होती. माहिती दोनच: नाव सिस्टर फेलिसिता, आणि कमरेला तीन गाठींची पांढरी सुती दोरी. चेहरा त्यांना धड आठवत नव्हता. दोरी मात्र तोंडपाठ: तीन पदर, उजवा पीळ, हातानं वळलेली.

त्या दोरीपायी या लिंगायत गृहस्थानं ख्रिस्ती संन्याशांच्या संघांचा सगळा इतिहास पालथा घातला. चर्चमधून पुस्तकं आणायचे, मी वाचून मराठीत सांगायचो. संघांची परदेशी नावं त्यांच्या जिभेवर बसेनात, म्हणून त्यांनी स्वतःची वाटणी केली: शाळावाले, मौनवाले, घंटावाले आणि दोरीवाले. घंटावाले म्हणजे घंटेचा पहिला ठोका पडताच हातातलं पत्र अर्धं टाकून प्रार्थनेला उठणारे. ही वाटणी पुढं गल्लीलाही लागू झाली. पावणेसहाला फाईल अर्धी टाकून उठणारा मी घंटावाला. बायकोशी चार-चार दिवस न बोलणारे समोरचे शिंदे मौनवाले.

दोरीवाल्यांवर त्यांचा खास जीव. "ह्यांचा मूळ गुरू म्हंजे इटलीत कापडवाल्याचं पोरगं हुतं. बाची गादी सोडली, चामड्याचा पट्टा फेकला, दोरी बांधली. आठशे वर्षं झाली, अजून दोरीच हाय. आमच्या धंद्यात असा माल न्हाय." सुतळी तोलता तोलता गिऱ्हाइकाला तीन गाठींचा अर्थ सांगायचे: दारिद्र्य, ब्रह्मचर्य, आज्ञापालन. एक गिऱ्हाईक म्हणालं, अण्णा, पहिली आणि तिसरी लग्नात आपोआप बसते.

ब्याण्णव सालापासून दहा वर्षांत मी त्यांच्यासाठी एकसष्ट पत्रं लिहिली. गोवा, बंगळूर, जर्मनी, थेट रोम. साठ पत्रांना चोवीस उत्तरं आली. सगळी सभ्य, सगळी नकाराची. दोरी बांधणारे संघ किती तरी आहेत, आणि फेलिसिता नावाची सिस्टर कुणाच्याच यादीत नव्हती.

एकसष्टावं पत्र पाकिटात घालताना मी विचारलंच, सांगायचंय तरी काय? तेव्हा अण्णा पहिल्यांदा बोलले. तेविशीत ते कबनूरला राहत. बायको दोन दिवस अडलेली. कुणी तरी निरोप दिला म्हणून बाळंतपणं करणाऱ्या या सिस्टर सायकलवरून आल्या. या बाटवायला आल्या, असं म्हणून अण्णा दार अडवून उभे राहिले. सिस्टर तिथंच पायरीवर बसल्या. दोन तास. अण्णांना दिसत होती फक्त त्यांची पाठ आणि दोरी. शेवटी अव्वानं, म्हणजे अण्णांच्या आईनं, दंडाला धरून त्यांना बाजूला ओढलं. मुलगी झाली, दोघी वाचल्या. सकाळी सिस्टर निघाल्या तेव्हा अण्णा गोठ्यात लपून बसले. आठवड्यानं धीर करून सिस्टरांच्या मठात गेले तर त्यांची बदली झालेली. त्यांच्यात वरून कागद आला की एक पिशवी घेऊन निघायचं, असा नियम.

"माफी मागायची हाय," अण्णा म्हणाले. "मरायच्या आधी."

त्या पत्राला बंगळूरहून उत्तर आलं. रोमचे नियम बदलल्यावर बऱ्याच सिस्टरांनी दीक्षेचं नाव सोडून जन्माचं नाव घेतलं, झगा सोडून साडी घेतली. फेलिसिता आता सिस्टर रोझी होत्या. मुक्काम गारगोटीच्या पुढं एका वाडीतला दवाखाना, गेली सात वर्षं.

पत्ता ऐकून अण्णांनी दुकानाची वही उघडली. त्या दवाखान्याच्या विहिरीचा दोर दर उन्हाळ्यात त्यांच्याच दुकानातून जात होता. "एकदा परत आणलावता की तिनं. पीळ सैल हाय म्हणाली. म्या वाद घातला." साडीतल्या बाईच्या कमरेला दोरी नाही, म्हणून अण्णांनी मान वर केली नव्हती. रोमपर्यंत पत्रं गेली आणि बाई पन्नास-पंचावन्न किलोमीटरवर.

पुढच्या रविवारी जीप पाठवून सिस्टरांना आणलं. अण्णांची मुलगी महादेवी दोन पोरांसह माहेरी आली. गल्लीनं फटाक्यांची माळ लावली, हलगीवाला बोलावला, मौनवाले शिंदे सगळ्यांत मोठ्यानं ओरडत होते. सिस्टर साठीच्या, मूळच्या केरळच्या, पण बोलणं गारगोटीचं. उतरताच म्हणाल्या, "काय वो ह्ये, माजं लगीन हाय काय?"

महादेवी पाया पडली. सिस्टरांनी तिची हनुवटी वर केली. "ही व्हय ती? लई दमवलं बघ तू." मग अण्णांकडं वळल्या. "आणि तुमी गोठ्यात हुता. म्हशीच्या मागनं पाय दिसत हुतं."

अण्णांच्या खिशात मी लिहून दिलेलं दीड पानाचं भाषण होतं. ते त्यांनी बाहेर काढलंच नाही. दाराची दोन्ही कवाडं सताड उघडून ते बाजूला झाले, आणि तेवढ्यात सिस्टर चप्पल काढायला म्हणून पायरीवर टेकल्या. अण्णांचा चेहरा एकदम उतरला.

"आत या, अक्का," ते म्हणाले.

"येती की. जरा बसू द्या, हलगी झ्याक वाजतीया."

मग अण्णाही पायरीवर, त्यांच्या शेजारी बसले. धोतराच्या सोग्यानं डोळे पुसत राहिले आणि सिस्टर मांडीवर बोटांनी ठेका धरत राहिल्या. महादेवीनं चहा बाहेरच आणला.