पांढऱ्यावर पांढरं

"सायब, गावी कन्हेरीत बसून काम करतो. पुण्यात जेवढं व्हतंय त्याच्या दुप्पट करून दाखवतो. न्हाय दाखवलं तर बुद्धघोष नाव सांगणार न्हाय!"

असं म्हणून बुद्धघोषनं पुण्याच्या हापिसात टेबलावर हात आपटला. असा आपटला, की दिग्विजयसाहेबांच्या कपातला चहा बशीत आला आणि बशीतला फायलीवर गेला.

साल नव्व्याण्णव. हापिसचं काम घरी बसून करायचं म्हणलं की लोकांना दोनच गोष्टी सुचायच्या. एक तर गड्याला कावीळ झाली, न्हायतर कामावरनं काढला.

पर बुद्धघोषचं दुखणं निराळंच व्हतं. त्याची लेक तेजश्री अकरा महिन्यांची झालेली. हा यायचा रविवारचा एक दिवस. पोरगी त्याला बघायची आणि असं भोकाड पसरायची, की गोठ्यातल्या शेरड्या दावं तोडायला बघायच्या. बायको साक्षी शाळेत मास्तरीण. ती म्हणाली, "अहो, मिशीला भेत असंल. काढून टाका." त्यानं मिशी काढली. पोरगी दुप्पट रडली! जरा कुठं वळखीची व्हती ती मिशीच, ती बी गेली.

तवा काय बी करून घरी बसायचं, असं त्यानं मनावर घेतलं.

काम म्हणाल तर असं. इंटरनेटवर लोक कायबाय शोधत्यात. कुणी गूळ शोधला, तर सतराशेसाठ पानं पुढं येत्यात. त्यात आपल्या गिऱ्हाइकाचं पान वरच्या दहात आणून बसवायचं. पुण्यात विजयमालाबाई म्हणून गुळाच्या मोठ्या व्यापारी व्हत्या. त्यांचं पान नवंकोरं तयार झालेलं.

साहेब म्हणाले, "तीन आठवडे देतो. तिसऱ्या शुक्रवारी बारा वाजता बाईंच्या पेढीवर उद्घाटन आहे. पाहुण्यांसमोर गूळ शोधणार. पान पहिल्या दहात दिसलं, तर बस घरी. नाही दिसलं, तर सोमवारी बाडबिस्तरा घेऊन कायमचा पुण्याला."

"दिसलंच म्हणून समजा!"

कंपनीचा कॉम्प्युटर पोत्यात गुंडाळून, एसटीच्या टपावर न ठेवता मांडीवर घेऊन, बुद्धघोष कन्हेरीला आला. घरातला फोन त्याला जोडला. जोडला की त्यातनं असा आवाज यायचा, जशी दोन मांजरं पत्र्याच्या डब्यात कोंडलीत आणि डबा उतरणीला लागलाय. मग गप व्हायचं, आणि इंटरनेट सुरू.

इंटरनेट सुरू म्हणजे फोन बंद. घोळ हितंच झाला.

कारण तो फोन एकट्या बुद्धघोषच्या घरचा नव्हताच. अख्ख्या आळीत फोन तेवढा एक. ज्याच्या घरी फोन न्हाय त्यानं शेजाऱ्याचा नंबर द्यायचा आणि म्होरं पी.पी. लिहायचं, ही सगळ्या दुनियेची रीत. बुद्धघोषच्या आईचा, ताईबाईचा नंबर तर लग्नपत्रिकेवर, रेशनकार्डावर, एकाच्या तर ट्रॉलीच्या फाळक्यावर रंगवलेला व्हता. फोन आला की ताईबाई दारात उभी राहून हाळी द्यायची, "सारजेऽऽ! इंदापूरचा फोन!" हाळी अशी, की सारजा फोनपर्यंत पोचायच्या आधी इंदापूरलाच ऐकू गेली असंल.

पहिल्या आठवड्यात ताईबाईच्या तोंडाला आराम पडला. दुसऱ्या आठवड्यात आळी दारात आली.

पुढं सारजाकाकू. पदर खोचलेला.

"बुद्धा, माझी म्हैस गेली का न्हाय महिन्यामागं? डाव्या शिंगाची मोडकी? माझ्या भावाला काल इंदापूरच्या बाजारात दिसली! तो बिचारा विचारायला फोन लावतोय, म्हैस आपलीच का म्हणून. दोन तास लावला! तुझं काय ते मांजर वरडत व्हतं. तवर म्हैस टेंपोत चढून गेली बी!"

"काकू, मला काय म्हाईत..."

"तुझं ऱ्हाऊ दे, माझं ऐक!" लीलाबाई सारजाला कोपरानं सारून पुढं आली. "सुप्रियाला बघायला पाव्हणं येणार व्हतं रविवारी. ते म्हणं आमी गुरुवारीच येतो, सांगायला फोन लावत व्हते. लागला न्हाय, म्हणून न सांगताच आले! पोरगी घराला चुना देत व्हती रं! डोक्यापासनं पायापर्यंत पांढरी! पाव्हण्यांतली म्हातारी 'भूत भूत' करीत जीपमधी जाऊन बसली, ती उतरलीच न्हाय!"

मागनं संभाजीतात्या काठी टेकत आले. त्यांना कुणाचाच फोन येणार नव्हता. पर सगळे भांडताना आपण घरात बसायचं, हे त्यांच्या रक्तात नव्हतं.

"माझा बी आला असंल एखादा!" तात्या म्हणाले.

"मग आता काय म्हणणं हाय तुमचं?" बुद्धघोषनं हात जोडलं.

"वायर काढ," सारजाकाकू म्हणाली.

आता वायर काढली म्हणजे शुक्रवार गेला, आणि शुक्रवार गेला म्हणजे लेक गेली. बुद्धघोषला घाम फुटला. आणि घामाबरोबर अक्कल बी फुटली.

"काकू, तुझा एक फोन भावाला जातोय. मी तुझी म्हैस साऱ्या दुनियेला कळवली तर?"

"म्हंजी?"

त्यानं सगळ्यांना कॉम्प्युटरम्होरं बसवलं. गुळाचं पान दाखवलं. पांढरं सफेद, वर ढेपेचा फोटू. "ह्या पानावर आमी मजकूर दोन तऱ्हेनं लिहितो. एक काळ्या अक्षरात, तो माणसांनी वाचायचा. आणि एक पांढऱ्यावर पांढऱ्या अक्षरात. तो माणसाला दिसत न्हाय, मशीनला दिसतोय. मशीन म्हणतंय, अरं वा, ह्या पानावर लई शब्द हायत, करा ह्याला वर! समदी दुनिया असंच करती."

"दिसत न्हाय म्हंजी अजिबात न्हाय?" तात्यांनी डोळं बारीक केलं.

"चुना दिलेल्या भिताडावर चुन्यानं लिहिल्यावर दिसतंय का?"

"चुन्याचं नाव काढू नको," लीलाबाई म्हणाली.

ठरलं. सकाळी दहा ते दुपारी एक फोन बुद्धघोषचा. त्याच्या बदल्यात घरटी एक ओळ, पांढऱ्यावर पांढरी, मराठीच पर इंग्रजी अक्षरांत.

सारजाकाकूनं लिहून घेतलं, "म्हैस हरवली, डावं शिंग मोडकं, इंदापूर बाजारात दिसली, जिनं नेली तिचं दूध नासंल." लीलाबाईनं सांगितलं, "सुप्रिया, बारावी पास, रंग गव्हाळ. त्या दिवशी चुना व्हता."

तात्या मात्र लई वेळ घुटमळले. "कुणालाच दिसणार न्हाय ना? नक्की?"

"न्हाय तात्या."

"मग लिही. धाकट्या, बांध कोरायचा थांबव, मला सगळं दिसतंय." आणि तात्यांचा चेहरा असा मोकळा झाला, जसा जुलाब झाल्यावर व्हतोय.

हे आळीत पसरलं. दिसणार न्हाय म्हणल्यावर माणसं खरं बोलायला लागली! कुणी सासूबद्दल लिहिलं, कुणी कारखान्याच्या वजनकाट्याबद्दल, एकीनं तर नवऱ्याच्या घोरण्याबद्दल चार ओळी घातल्या. शेवटाला ताईबाई आली. साक्षी शाळेत गेल्याची खात्री करून घेतली, आणि लेकाच्या कानात म्हणाली, "लिही, सून गुणाची हाय, पर तोंडावर म्हणून सांगणार न्हाय."

पान तळाला एवढं लांबलं, की खाली जाता जाता बोट दुखायचं. आणि खोटं वाटंल, पर पान वर सरकायला लागलं! मंगळवारी चाळिसावं. बुधवारी अठरावं. गुरुवारी अकरावं!

शुक्रवारी दहा वाजताच बुद्धघोष कॉम्प्युटरला चिकटला. साक्षीनं अर्धी रजा काढलेली. तेजू आजीच्या कडेवर, बापाकडं पाठ करून. साडेअकराला त्यानं गूळ शोधला. नववं! पहिल्या दहात!

"साक्षी! ऱ्हायलो मी घरी!" त्यानं एवढ्या जोरात आरोळी ठोकली, की तेजूनं सूर धरला.

साडेबाराला, उगं डोळं भरून बघावं म्हणून, त्यानं पान उघडलं.

त्या वक्ताचं इंटरनेट म्हणजे पान वरनं खाली कासवागत उतरायचं. आधी ढेपेचा फोटू आला. मग रंग आला. रंग पिवळट तांबडा.

"आयला, ह्याला काय झालं?" बुद्धघोष पुटपुटला. पान तर पांढरं व्हतं!

मग पहिली पांढरी ओळ उतरली. गुळाच्या रंगावर, चुन्यानं रंगवल्यागत ठसठशीत. म्हैस हरवली. मग तिच्याखाली सुप्रिया, बारावी पास. मग धाकट्या, बांध. बुद्धघोष दोन्ही हातांनी पडदा झाकायला लागला, जसं काय हितं झाकल्यावर पुण्यात दिसणार न्हाय.

साक्षी मागं उभी राहून वाचत व्हती. वाचता वाचता एका ओळीवर थांबली, आणि सासूकडं वळून बघितलं. ताईबाई एकदम छपराकडं बघायला लागली. "कोळी लई झाल्यात," म्हणाली.

बुद्धघोषनं वायर उपसली. उपसल्या उपसल्या फोन वाजला.

"कुठे होतास?" दिग्विजयसाहेबांचा आवाज. "अकरा वेळा फोन लावला! अकरा वेळा एंगेज!"

"सायब, इंटरनेटवर व्हतो... कामच करत व्हतो..."

"बाई म्हणाल्या, पान पांढरं कशाला, गूळ विकतोय की मीठ? गुळाचा रंग द्या. तुला विचारायला फोन करतोय तर तू लागत नाहीस! शेवटी मीच दिला रंग. पाहुण्यांसमोर पान उघडलं. आमदारांचे मेहुणे मोठ्यानं वाचायला लागले! सगळं वाचलं! घोरण्यापर्यंत!"

"सायब, पर नंबर नववा..."

"थांब, बाई बोलतायत."

पलीकडं खुडबुड झाली. मग जड आवाज आला. "ती म्हैस तुझी?"

"न्हाय बाई, सारजाकाकूची."

"आणि हा धाकटा कोण?"

"तात्यांचा भाऊ."

"थांबवलं का त्यानं कोरायचं?"

"अजून त्याला म्हाईत न्हाय, बाई. पांढऱ्यात लिहिलं व्हतं."

पलीकडं एक मोठा श्वास ऐकू आला, आणि फोन साहेबांकडं गेला. "सोमवारी पुण्याला ये. सामान घेऊन."

शनिवारी बुद्धघोषनं ट्रंक काढली. ताईबाई लाडू वळत व्हती आणि वळता वळता नाक ओढत व्हती. ओळी उघड्या पडल्याचं कळलं, तसं आळीतलं एक बी माणूस तोंड दाखवंना. फकस्त तात्यांचा धाकटा येऊन दारातनं म्हणाला, "मी बांध कोरतो व्हय रं?" आणि उत्तर न घेता गेला. तेवढ्यात परत फोन.

"सायब, भरतोय सामान," बुद्धघोष आधीच म्हणाला.

"जरा थांब," साहेब म्हणाले. आवाज चमत्कारिक झालेला. "पेढीवर दुबईहून ई-मेल आलाय. कुणी माणूस आहे, मूळचा तुमच्या इंदापूरजवळच्या कळंबचा. तिकडं त्याचं किराणा दुकान आहे. गावाची आठवण आली, म्हणून त्यानं इंटरनेटवर इंदापूर शोधलं. तर साऱ्या जगात एकच पान निघालं. आपलं."

"मग?"

"तो लिहितो, डाव्या शिंगाची मोडकी म्हैस गेल्या आठवड्यात माझ्या वडिलांनी बाजारातून घेतली. आणल्यापासून दूध नासतंय. शाप काढून घ्या आणि म्हैस घेऊन जा. विकणाऱ्याला वडील बघून घेतील."

बुद्धघोषच्या हातनं लाडू पडला.

"आणि खाली लिहिलंय, गूळ चांगला असेल तर दुकानात ठेवतो, नमुना पाठवा." साहेब खाकरले. "मी बाईंना म्हटलं, मुलाला पुण्यात आणतो, डोळ्यांसमोर बसवतो. बाई म्हणाल्या, खुळे आहात का? इथं बसला तर नुसतं गुळाबद्दल लिहील. त्याला तिथंच ठेवा. आठवड्याचे चार दिवस घरी, दोन दिवस इथं. आणि सगळं परत पांढरं करा."

म्हैस सोमवारी आली. कळंबवरनं कन्हेरीला यायला तिला दुबईवरनं यावं लागलं, असं सारजाकाकू अजून सांगती. आणि मंगळवारपासनं बुद्धघोषच्या दारात रांग लागली. कोऱ्हाळ्याचा एक जण हरवलेला मेव्हणा घेऊन आला, म्हणजे त्याचा फोटू घेऊन. कुणाचं पाकीट, कुणाची पाणबुडी मोटार, एकाचा कोंबडा. दहा ते एक मांजर वरडायचं, आणि एक वाजला, की तुंबलेलं फोन सुटायचं. सकाळपासनं सांजपातूर घरात एकच कालवा. बुद्धघोष मधोमध बसलेला, आणि तेजू सगळ्यांच्या मांडीवरनं फिरत फिरत त्याच्यापाशी येऊन टेकायला लागली. रडणं बंद!

पंधराव्या दिवशी पोरगी बोलली. रांगत बापाच्या गुडघ्याशी आली, त्याची विजार धरून उभी राहिली, त्याच्या तोंडाकडं टक लावून बघितलं. घरातली चौदा माणसं माना लांबवून पुढं वाकली. पोरं पहिल्यांदा आई म्हणत्यात, न्हायतर बाबा.

ती म्हणाली, "हॅलो?"

आणि त्यानं तोंड उघडायच्या आत त्याच्याकडं पाठ करून, दाराकडं बघून, जिवाच्या आकांतानं वरडली, "सालजेऽऽ!"