दुसरी खुर्ची कोणाची?

समारंभात खुर्च्या मांडाव्यात तर हनीफ मुजावर यांनीच! असं दुसरं कोणी म्हणत नसे, ते स्वतःच म्हणत. त्या दिवशी सकाळीही कोर्टात निघताना त्यांनी बायकोला ऐकवलं, "माजिदा, या कोर्टाचा नाझर आहे मी, सगळी मांडामांड माझ्याकडे. इतके जज्ज आले नि गेले, पण माझ्या हातून एकाची खुर्ची चुकली नाही!"

"मग आज इतका घाम का पुसताय?" माजिदाबीने विचारलं.

घामाला कारण होतं. नाशिक जिल्ह्यातलं हे कोर्ट कुठलं ते विचारू नका. उगाच तारखांना कोण जाणार! तिथले मुख्य न्यायाधीश खैरनारसाहेब त्या संध्याकाळी निवृत्त होत होते. हनीफभाई नोकरीला लागले ते याच साहेबांच्या हाताखाली, साहेब नवखे जज्ज असताना, आणि जीव लावावा असा हा माणूस. साहेबांनी आधीच सांगून ठेवलं होतं, "शाल-श्रीफळ नको रे हनीफ. एक फोटो काढ. सगळे जज्ज माझ्या शेजारी बसलेले. घरी भिंतीवर लावीन."

मागणी केवढीशी! पण कोर्टाच्या फोटोत कोणी कुठेही बसत नाही. मधली खुर्ची मुख्य साहेबांची, त्यांच्या उजव्या हाताची दुसऱ्या ज्येष्ठाची, डाव्या हाताची तिसऱ्याची. आणि इथे दुसरं कोण, तिसरं कोण, हेच ठरत नव्हतं.

काझीसाहेब खालच्या कोर्टातून बढतीने वर आलेले. बढती आधीची, पण कागदावर 'तात्पुरती'. भोये मॅडम सुरगाण्याकडच्या आदिवासी भागातल्या. वकिली करता करता परीक्षा देऊन राखीव जागेवर थेट भरती झालेल्या. त्यांचा नेमणुकीचा हुकूम नंतरचा, पण जागा आधीच्या वर्षाची. मधल्या काळात सरकारने नियमही बदलले. दोघांची प्रकरणं वर हायकोर्टात पडून होती. इकडे दोघं रोज दुपारी एकमेकांच्या डब्यातली भाजी खात. भांडण माणसांचं नव्हतंच, खुर्चीचं होतं.

हनीफभाईंनी मात्र तोड काढून ठेवली होती. व्हरांड्यात पक्षकार बसतात ते लांब बाकडं त्यांनी आवारात आणवलं, त्यावर पांढरी चादर घातली आणि मिशीवर हात फिरवला. बाकड्याला कुठले आलेत नंबर!

साहेब मधोमध बसले. काझीसाहेब आणि भोये मॅडम बाकड्याच्या दोन टोकांना उभे राहिले. उभेच राहिले!

"बसा ना साहेब," हनीफभाई म्हणाले.

"नाझरसाहेब, बाकड्यालाही उजवी बाजू असते," काझीसाहेब हळूच म्हणाले. "डावीकडे बसलो तर माझी इतकी वर्षं 'तात्पुरती' म्हणून मीच पुसून टाकली, असं होईल."

"मॅडम, मग तुम्ही तरी..."

"हनीफभाई, माझ्या एकटीचं असतं तर मी गवतावर बसले असते," भोये मॅडम म्हणाल्या. "पण माझ्या मागून आमच्याकडच्या पोरी येतायत. मी आज सरकले, तर उद्या त्यांना हाच फोटो दाखवतील."

दोघांचंही खरं होतं. दोघं उभे म्हटल्यावर त्यांच्याहून लहान जज्ज कसे बसणार? सगळी रांग उभी!

फोटोग्राफर रवी देवळाली कॅम्पातला, फौजेचे ग्रुप फोटो काढण्यात हयात गेलेला. तो वैतागून ओरडला, "अहो, आमच्याकडे कोण मोठा ते खांद्यावर लिहिलेलं असतं! बसवा लवकर, ऊन चाललं!"

"साहेब, मीच चुकलो," हनीफभाई रडवेले होऊन म्हणाले. "एवढंसं मागितलंत, तेही जमलं नाही मला."

खैरनारसाहेबांनी घड्याळ पाहिलं आणि ते बाकड्यावरून उठले. "पाच वाजून गेले. आता मी कोणाचाच साहेब नाही. निवृत्त माणसाला कसली आलीय ज्येष्ठता?" असं म्हणत ते थेट मागे, शिपायांच्या रांगेत जाऊन उभे राहिले.

झालं! साहेब मागे उभे असताना पुढे कोण थांबणार? काझीसाहेब मागे धावले, भोये मॅडम मागे धावल्या, त्यांच्यामागे बाकीचे. जो तो शेवटच्या रांगेत घुसायला बघत होता! आयुष्यभर वरच्या जागेसाठी झगडलेली माणसं खालच्या जागेसाठी रेटारेटी करू लागली. भोये मॅडम डोळे पुसत हसत होत्या. काझीसाहेबांना तर हसू आवरेना. तेवढ्यात रवीने बटण दाबलं, आणि ऊन गेलं.

रविवारी हनीफभाई फ्रेम घेऊन नाशिक रोडला साहेबांच्या घरी गेले. फोटोत समोर पांढरी चादर घातलेलं रिकामं बाकडं झकास आलं होतं. मागे काझीसाहेब आणि भोये मॅडम खांद्याला खांदा लावून हसत होते.

साहेबांनी चष्मा लावून बराच वेळ फोटो न्याहाळला. "वा! सगळे आले की रे एकत्र."

"हो साहेब."

"पण हनीफ, मी कुठे आहे?"

साहेब उंचीने बेताचे, आणि रेटारेटीत त्यांच्यापुढे कोर्टाचा बारकू हवालदार येऊन उभा राहिला होता. बारकूच्या खांद्यामागे हनीफभाईंनी भीत भीत बोट ठेवलं.

"हा कान आपला, साहेब."

साहेबांनी फ्रेम उजेडात धरली.

"नक्की ना? की यावरही कोणाचा दावा आहे?"