ठसका न देणाऱ्या मिरच्या

मडमसाहेबांची टोपली आली तेव्हा मैनाबाई दही फडक्यात बांधून टांगत होती. टोपलीत चाळीस मिरच्या होत्या. मिरच्या म्हणायच्या त्या नुसत्या देठावरून. एरवी एकेक लहान वांग्याएवढी गरगरीत, काही हिरव्या, बऱ्याचशा लाल. विलायतेहून बी मागवून मडमसाहेबांनी त्या अमरावतीच्या छावणीतल्या बागेत लावल्या होत्या.

टोपली घेऊन आलेले हरिहर मास्तर भातकुलीच्या शाळेत शिकवत आणि साहेबलोकांचं बोलणं गावाला समजावून सांगत. त्यांनी मडमसाहेबांची कृती कागदावर उतरवून आणली होती. मिरचीचं डोकं कापायचं, बिया काढायच्या, आत दह्याचा चक्का, भात, आलं, कोथिंबीर भरायची आणि अगदी थंडगार करून जेवणाच्या आधी साहेबांपुढं ठेवायची. साहेबांच्या पोटाला तिखटाचा कण सोसत नाही, पण या मिरचीत तिखट नावालाही नाही, असं मास्तरांनी दोनदा बजावलं.

"मंग इले मिरची काहून म्हनते?" मैनाबाईनं विचारलं.

मास्तरांनी कृतीचा कागद चुलीपाशी ठेवला. ते साहेबांना आणायला शिवेवर निघून गेले.

साहेब सडकांचे होते. चार वाजता ते निंबखेडला खुशालराव पाटलांच्या मांडवात बसणार होते आणि अमरावतीची नवी सडक निंबखेडवरून न्यायची की पंजाबरावांच्या बोरखेडवरून, ते सांगणार होते. अमेरिकेत लढाई जुंपल्यापासून विलायतेला कापूस मिळेना, आणि वऱ्हाडच्या कापसाला कधी ऐकला नव्हता असा भाव आला होता. निंबखेडच्या बैलांच्या शिंगांवर चांदीच्या शेंब्या चढल्या होत्या. पण पाऊस पडला की तेच बैल पोटापर्यंत काळ्या मातीत रुतत, आणि माती शेंब्यांकडे बघत नसे. खुशालरावांना सडक कापसासाठी हवी होती. मैनाबाईला, त्यांच्या बायकोला, ती सुभद्रेसाठी हवी होती. सुभद्रा ही त्यांची एकुलती लेक, अमरावतीला दिलेली. तिला पाचवा महिना होता, आणि बाळंतपण गणपतीच्या सुमारास, म्हणजे ऐन चिखलात येणार होतं.

म्हणून अमरावतीहून आचारी आणायची गोष्ट खुशालरावांनी काढली, तेव्हा मैनाबाईनं नको म्हटलं होतं. साहेबांच्या तोंडात पहिला घास जाईल तो आपल्या हातचा जावा, असं तिच्या मनात होतं. चक्क्याची हंडी गार करायला दोराला बांधून विहिरीत सोडावी म्हणून ती मळ्यात गेली. मळा घरापासून जरा लांब होता, आणि दोर जुना निघाल्यानं तिला तिथं वेळ लागला.

घरात राहिल्या पार्बताबाई. या खुशालरावांच्या विधवा आत्या. आदल्या दिवशी पंजाबराव घोड्यावरून जाताना थांबून मांडवाकडे बघत होते, ते आत्यांनी दारातून पाहिलं होतं. एवढा वेळ बघितल्यावर दृष्ट लागली नसेल तरच नवल. साहेब यायच्या आत ती उतरवायला हवी होती. वाळल्या मिरच्या उतरंडीत तळाशी होत्या, आणि ही टोपली तर हाताशीच. शिवाय मोठ्या दृष्टीला मोठी मिरची बरी, असाही हिशोब त्यांनी केला. तीन लाल मिरच्या, मीठ आणि मोहरी घेऊन त्यांनी खुशालरावांना पाटावर बसवलं, तीनदा ओवाळलं आणि सगळं चुलीत टाकलं.

मिरच्या चरचरल्या. घरभर वांगं भाजल्यासारखा गोडसर वास सुटला. खोकलं कोणीच नाही.

"खुशाल, तुले ठसका लागला का?"

"नाई."

"मलेबी नाई." आत्यांनी चुलीत वाकून पाहिलं. "बापा, केवढी दृष्ट हाय हे."

हे काही पार्बताबाईंनी नव्यानं काढलं नव्हतं. चुलीत मिरची टाकली की घर खोकत बाहेर पळतं. पळालं नाही तर मिरचीचा सगळा जोर दृष्ट खाण्यात गेला, हे वऱ्हाडात पाळण्यातल्या पोरालाही ठाऊक असतं. आत्यांनी पाच मिरच्या घेतल्या. ठसका नाही. मग सात घेतल्या. वास मात्र आणखी गोड झाला. आता खुशालरावांचे गुडघे दुखायला लागले आणि अंगात कसकस जाणवू लागली. आत्यांनी मग कापसाच्या गंजीची दृष्ट काढली, बैलजोडीची काढली. कशालाच ठसका नाही. ही बातमी गल्लीत गेली, तशा बाया आपापली पोरं घेऊन आल्या, कारण पंजाबराव गल्लीतूनही गेले होते. पोरांनाही भरपूर दृष्ट निघाली. एक बाई आटलेली म्हैसच दारात घेऊन आली. शेवटच्या चार मिरच्या आत्यांनी मांडवावरून उतरवल्या आणि हात धुतले.

मैनाबाई परत आली ती नाक वर करून वास घेतच.

"वांगी कोनं भाजली?"

तिनं टोपली पाहिली, मग चूल पाहिली. चुलीत देठं तेवढी उरली होती.

"आत्याबाई," ती हळू आवाजात म्हणाली, "त्या मिरच्या तिखट नाईत. त्याईचा ठसका येतच नाई."

आत्यांनी उरलेली देठं चिमट्यानं आत लोटली. "मंग तू आधी सांगाचं होतं," त्या म्हणाल्या. "अन् काई असो, दृष्ट त निघाली."

खुशालरावांचे गुडघे तत्काळ बरे झाले. साहेब दोन तासांत येतात हे आठवल्यावर ते पुन्हा दुखू लागले.

छावणीत माणूस पाठवून नव्या मिरच्या आणायला वेळ नव्हता. मडमसाहेबांच्या मिरच्या जाळल्या असं सांगण्याची सोय नव्हती. मैनाबाईनं नाल्याकाठच्या वाडीतून गोदाबाईकडच्या जाड हिरव्या मिरच्या मागवल्या. त्या थोड्या बारीक होत्या, पण भरल्यावर फुगतील असं वाटत होतं. प्रश्न तिखटाचा होता. तिनं बिया काढल्या, शिरा खरवडल्या, मिरच्या मिठाच्या पाण्यातून तीनदा काढल्या आणि परीक्षेसाठी सालदार नत्थुजीला बोलावलं. नत्थुजीनं दोन मिरच्या शांतपणे खाल्ल्या.

"बाई, हे मिरची नाई. हे काकडी हाय."

नत्थुजीची न्याहारी म्हणजे ज्वारीची भाकर आणि मूठभर ठेचा, ही गोष्ट त्या घाईत कोणाच्या ध्यानात आली नाही. मैनाबाईनं स्वतः एक तुकडा चाखला. जिभेला किंचित काहीतरी लागल्यासारखं वाटलं. पण घरच्या वरणातही त्याहून जास्त लागत असे. आत्यांनी चाखून वर मीठ मागितलं. घरातल्या सात जणांनी मिळून निकाल दिला की मिरची अगदी गोड आहे. साहेबांच्या जिभेला हे सोसेल का, ते खाऊन सांगता आलं असतं असा एकच माणूस होता, तो म्हणजे साहेबलोकांत वावरणारे हरिहर मास्तर, आणि ते शिवेवर उभे होते. मिरच्या भरल्या गेल्या, कल्हईच्या पितळी डब्यात बसल्या आणि विहिरीच्या पाण्याला टेकतील इतक्या खोल सोडल्या गेल्या.

साहेब बरोबर चार वाजता आले. उंच, लालबुंद, आणि बोलके. त्यांच्याबद्दल अमरावतीपासून अकोल्यापर्यंत एक गोष्ट प्रसिद्ध होती: त्यांच्यापुढं कोणाही अर्जदाराचं दुसरं वाक्य पुरं झालेलं नव्हतं. पहिल्या वाक्याला ते मान डोलवत आणि दुसरं स्वतःच बोलून टाकत. खुशालराव "साहेब, आमचा नाला" एवढं म्हणाले, तर साहेबांनी त्यांना नाले कसे तयार होतात ते सांगितलं. मास्तर घाम पुसत भाषांतर करत होते. आतल्या दाराआड मैनाबाई उभी होती.

पळसाच्या द्रोणांतून मिरच्या आल्या, वर पाण्याचे थेंब जमलेल्या. साहेबांनी त्या ओळखल्या. आपल्या बागेतल्या आहेत, असं त्यांनी सगळ्यांना सांगितलं. मिरच्या जरा बारीक दिसताहेत, त्यालाही वऱ्हाडचं ऊन जबाबदार आहे, असं त्यांनी स्वतःच ठरवलं, आणि एक अख्खी तोंडात टाकली. चैत्राच्या उन्हातून आलेल्या माणसाला तो गारवा कसा वाटला असेल, ते त्यांच्या मिटलेल्या डोळ्यांवरून दिसलं. त्यांनी लगेच दुसरी खाल्ली. गार पदार्थाचं असं असतं की त्याचा स्वभाव उशिरा कळतो.

"पाटील," साहेब म्हणाले, "तुमचा अर्ज मी वाचला. चांगला अर्ज आहे. पण..."

खुशालरावांनी मान खाली घातली. त्या 'पण'च्या पुढं बोरखेड आहे, हे सगळ्या मांडवाला कळलं. मात्र शब्द आलाच नाही. साहेबांनी तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. कान लाल झाले, डोळ्यांतून धारा लागल्या, आणि मग जो ठसका लागला तो गोदाबाईच्या वाडीपर्यंत ऐकू गेला असेल. आत पार्बताबाईंनी समाधानानं हात जोडले.

मास्तर पाणी आणायला उठले. तेवढ्यात, आजवर परक्या पुरुषापुढं कधी न आलेली मैनाबाई पदर सावरत बाहेर आली. तिच्या एका हातात गुळाचा खडा होता, दुसऱ्यात ताकाचा गडू.

"पानी नका देऊ, मास्तर. अजून भडकते." तिनं गूळ साहेबांपुढं धरला. "हे तोंडात धरा, साहेब. अन् बोलू नका. बोललं का जास्त झोंबते."

मास्तरांनी भाषांतर केलं. साहेबांनी गूळ तोंडात धरला आणि मान हलवली.

मैनाबाईनं एकदा नवऱ्याकडे पाहिलं. मग ती तिथंच, मांडवाच्या खांबाशी उभी राहिली.

"तवर माहं आयका. अमरावती इथून पाच कोस. उन्हायात मी सकाळी निघाली त दुपारी लेकीच्या घरी. अन् पान्यात चार महिने तेच अमरावती काशीहून दूर. दोन सालापहिले तिले पोरगं झालं. मी तीनदा निघाली. तीनदाबी बंडी नाल्यात फसली, अन् बैल सोडून वापस आली. दिवाईले पोचली तवा पोरगं पालथं पडाले लागलं होतं. मले पाहून रडलं. वळखतच नव्हतं ना." तिनं ताकाचा गडू पुढं केला. "आता पुन्हा पान्यातच हाय. कापूस का साहेब, दोन महिने थांबते. बाळंतीन थांबत नाई."

मास्तर एकेक वाक्य पुरं करत गेले. अडवायला कोणी नव्हतं. साहेब ताक पीत राहिले, डोळे पुसत राहिले आणि ऐकत राहिले. पुढं कोणी म्हणे की ते मिरचीनं रडत होते, कोणी म्हणे की नुसत्या मिरचीनं नव्हे. साहेबांना स्वतःला तरी फरक कळत होता की नाही, कोण जाणे.

अर्ध्या तासानं त्यांचा आवाज परत आला. सगळे त्या 'पण'ची वाट बघत होते.

"नाला," साहेब घोगऱ्या आवाजात म्हणाले, "किती दूर आहे?"

ते चालतच गेले. काठावर उरलेली गेल्या पावसातल्या चिखलाची रेघ काठीनं मोजली, वहीत काहीतरी लिहिलं, आणि वाटेत कोणालाही काहीही समजावून सांगितलं नाही. आठ दिवसांनी साखळ्या घेऊन मोजणीची माणसं आली. घरी साहेबांनी मडमसाहेबांना मिरच्या उत्तम झाल्या होत्या असं सांगितलं म्हणतात, कारण निंबखेडला आणखी एक टोपली आली. या खेपेला मैनाबाईनं ती उतरंडीच्या मागे लपवली.

ही हकिकत अर्थात मांडवात राहिली नाही. त्यानंतर सडकेच्या साहेबांकडे जो कोणी अर्ज घेऊन जाई, तो थंड भरल्या मिरच्यांचा डबाही नेई. पंजाबरावांनी म्हणे दोन नेले. साहेबांनी पुन्हा कधी मिरचीला हात लावला नाही. पण डबा उघडून समोर ठेवला की ते गप्प होत आणि अर्ज शेवटपर्यंत ऐकून घेत.

गणपती उठायच्या आदल्या दिवशी अमरावतीत धो धो पाऊस होता. सडक पुरी झाली नव्हती. नाल्यावर दगडी फरशी पडली होती आणि पुढं तीन कोस मुरूम. सुभद्रेनं दार उघडलं, तर समोर आई. डोक्यावर घोंगडी, काखेत डिंकाच्या लाडवांचं गाठोडं, आणि पाय चिखलानं घोट्यापर्यंतच भरलेले.

"माय, तू? एवढ्या पान्यात कशी आली?"

"सडकेनं आली," मैनाबाई म्हणाली. "लोकं येते तशी."