रुसण्याचं बटण

"बावीस प्रतिज्ञा, बावीस!" असं अरुणाने पुकारलं आणि त्याच क्षणी समोरचा पडदा काळा झाला.

लंडनच्या पिनर भागातल्या अरुणाच्या स्वयंपाकघरातून दर शुक्रवारी संध्याकाळी हाऊजीचं थेट प्रक्षेपण चाले. लॉकडाऊनमध्ये चार बायकांनी जीव रमवायला सुरू केलेला खेळ. लॉकडाऊन गेलं, हाऊजी राहिली. आता इल्फर्डपासून लेस्टरपर्यंतच्या बायका पौंडाचं एकेक तिकीट घेऊन, माइक चालू ठेवून, आपापल्या टॅबलेटसमोर मांडी ठोकून बसत. अर्ध्या जणी तर नुसतं अरुणाचं पुकारणं ऐकायला येत. पाच आला की "पंचशील", आठ आला की "अष्टांगिक मार्ग", आणि चौदा आला की "चौदा एप्रिल, भीमजयंती!" चौदाला सगळ्यांनी आपापल्या घरात टाळ्या वाजवायच्या असा दंडकच होता.

काळ्या पडद्यावर आता पांढरी अक्षरं उमटली होती. जुगाराच्या मजकुरामुळे हे चॅनेल तात्पुरतं बंद करण्यात येत आहे.

"जुगार?" अरुणा किंचाळली. "अहो! इकडे या आधी. हे मेले मला जुगारी म्हणतायत!"

अहो म्हणजे जगदीश. त्याची उभी नोकरी कौन्सिलच्या लायसन्सिंग खात्यात गेली होती. कुठल्या पबने किती वाजेपर्यंत दारू विकायची हे तो ठरवी, आणि ठरवलेलं कधी बदलत नसे. त्याने सही नाकारली म्हणून एका पबवाल्याने आपल्या कुत्र्याचं नाव जगदीश ठेवलं होतं म्हणतात. आणि तो कुत्रा पुढे गिऱ्हाइकालाच आत सोडेना, असंही म्हणतात. रिटायर झाल्यापासून मात्र जगदीशला परवानगी द्यायला घरात काही उरलं नव्हतं. डिशवॉशरमध्ये चमचे कसे लावावेत याची एक नियमावली त्याने काढली होती. ती अरुणाने त्याच डिशवॉशरमध्ये घालून धुतली.

तो पडद्यासमोर येऊन चष्मा लावतो न लावतो तोच इल्फर्डहून त्याच्या आईचा, गयाबाईचा, फोन आला.

"जय भीम, जग्या. माझं यंत्र बिघडलं का तुझ्या बायकोचं?"

"जय भीम, आई. यंत्र ठीक आहे. कायद्याचं लचांड आहे."

"मग बस त्याच्यावर. तेच करत आलास ना जन्मभर? माझे गुडघे मला बसस्टॉपपर्यंत नेत नाहीत. बाकी दिवस मी टीव्हीशी भांडते. शुक्रवारी मला माणसांचे आवाज पाहिजेत."

"पुढच्या शुक्रवारी तुझी हाऊजी चालू. शब्द देतो."

त्याने मुलीला फोन लावला. अन्वी इथेच जन्मलेली, इथलीच सॉलिसिटर. कायदा चोख, मराठी अंदाजाने.

"बाबा, एकदम सिम्पल आहे. पैसे घेऊ नका. तिकीट फ्री ठेवा, बक्षीस कोणीतरी गिफ्ट देणार, मग कायद्यात तो गॅम्बलिंग होतच नाही. अठरा प्लसचा लेबल लावा आणि अपील टाका. झाला!"

"झालं? एवढंच?"

पंगतीत मीठ-लिंबू वाढून 'उठा आता' म्हटल्यावर माणसाचा चेहरा होईल, तसा जगदीशचा झाला. इतक्या वर्षांनी दारात चालून आलेलं परवान्याचं काम, आणि ते असं एका लेबलात संपवायचं? "जबाबदारी नावाची काही चीज आहे की नाही!" असं म्हणून तो वरच्या खोलीत जाऊन बसला. जुगाराच्या मोठ्या कंपन्यांना कायदा काय काय करायला लावतो ते सगळं त्याने वाचून काढलं, आणि फुकटच्या हाऊजीसाठी एक जाडजूड पॉलिसी लिहिली. त्यात वयाची तपासणी होती, सक्तीची विश्रांती होती आणि एक लाल बटण होतं. बटणावर लिहिलं होतं, 'मला वगळा'.

हे बटण दाबलं की सहा महिने खेळ बंद. परत घेता येत नाही. ज्याला खेळाचं वेड आवरत नाही त्याने शहाणपणाच्या घटकेला ते दाबायचं, आणि मग वेडाच्या घटकेला तो कितीही रडला तरी दार उघडायचं नाही. इंग्रज माणसाला हे बटण शोभून दिसतं, कारण इंग्रज 'नको' म्हणाला की त्याला खरंच नको असतं. आपल्याकडे 'नको' म्हणजे 'अजून एकदा विचारा'. जगदीशला हे ठाऊक नव्हतं असं नाही. जन्मभर पंगतींत बसलेला माणूस तो. पण पॉलिसी लिहिताना तो मराठी नव्हता, कौन्सिलचा होता.

अपील मंजूर झालं आणि लाल बटण प्रत्येकीच्या पडद्यावर आलं. वर चॅनेलवाल्या कंपनीने बजावलं की तुम्ही लिहिलंय तसंच वागा. एकदा जरी मोडलंत तरी चॅनेल कायमचं बंद.

पहिल्याच शुक्रवारी जगदीश टाय बांधून पडद्यावर आला. बायकांनी ओळखपत्रांचे फोटो पाठवले होते. त्याने ते वाचायला घेतले, आणि तेही मोठ्याने, कारण कारभार पारदर्शक हवा.

"धम्मशीलाताई, स्टॅनमोर. जन्मसाल एकोणीसशे पन्नास. अठरा पूर्ण. पात्र."

धम्मशीलाताईंची साठी गेली कित्येक वर्षं 'आता जवळ आली' होती. महिला मंडळाने साडीसुद्धा घेऊन ठेवली होती.

"अगंबाई ताई," पिनरची वैजयंती म्हणाली, "म्हणजे तुम्ही माझ्या आईच्या वर्गात होतात की काय?"

"मला नाही खेळायचं, जा!" धम्मशीलाताई कडाडल्या, आणि त्यांना समोर लाल बटण दिसलं.

त्यानंतर सगळं रीतीप्रमाणे झालं. अरुणाने फोन केला, ताईंनी उचलला नाही. लेस्टरहून फोन आला, ताई म्हणाल्या, मला काही वाटत नाही त्याचं. अरुणाने पुन्हा केला, "ताई, तुमच्याशिवाय मजा नाही हो," आणि ताई विरघळल्या. पुढच्या शुक्रवारी ठेवणीतली साडी नेसून त्या टॅबलेटसमोर बसल्या. टॅबलेट म्हणाला, 'तुम्ही स्वतःला सहा महिन्यांसाठी वगळलं आहे. अभिनंदन! हे धाडसाचं पाऊल आहे. मन मोकळं करायचं असल्यास खालच्या नंबरवर फोन करा.'

ताईंनी फोन केला. पलीकडे एक मृदू आवाजाचा मुलगा होता. त्याने विचारलं, हा त्रास कधीपासून आहे? "लग्न झाल्यापासून," ताई म्हणाल्या, आणि पुढे तासभर बोलल्या. मुलगा फार गुणी. त्याचं लग्न ठरलंय का तेवढं विचारायचं राहिलं.

मग त्यांनी जगदीशला धरलं.

"भाऊ, ते बटण मी रागात दाबलं हो."

"ताई, रागात दाबतात म्हणूनच ते परत घेता येत नाही."

"अहो, माणूस रुसतो ते काय खरं असतं का?"

"पॉलिसीत रुसव्याची तरतूद नाही, ताई."

इकडे वैजयंती जळत होती. धम्मशीलाताईंना दिवसाकाठी चार फोन, आणि आपण महिनोन् महिने एक ओळसुद्धा जिंकलेली नाही तर कुत्रं विचारत नाही! "बघूच मला कोण समजवायला येतं," असं भर खेळात जाहीर करून तिने बटण दाबलं. वैजयंतीने दाबलं म्हणून तिच्या नणंदेने दाबलं. नणंदेला दोष देतात म्हणून तिच्या मैत्रिणीने दाबलं. लेस्टरची एक तर सुनेने दाबलं हे कळल्यावर, सून आपल्यापेक्षा जास्त रुसते म्हणजे काय, म्हणून दाबून मोकळी झाली. लग्नघरात असा रुसवा-फुगवा झाला तर चार मोठी माणसं मध्ये पडतात. इथे मध्ये संगणक होता, आणि तो प्रत्येकीचं अभिनंदन करत होता.

उरलेल्यांत गयाबाई. ती दहा जणींत रुसणारी नव्हे. पण जगदीशची सक्तीची विश्रांती शिल्लक होती ना! ठरावीक वेळ खेळलं की ज्याचा त्याचा पडदा आपोआप बंद पडे, आणि तळ्याचं एक चित्र येऊन 'पाणी प्या, खिडकीबाहेर बघा' असं सांगे. खेळ मात्र चालूच राही. त्या शुक्रवारी गयाबाईचं फुल हाऊस व्हायला एकच आकडा हवा होता. चौदा. ती टाळ्यांसाठी हात वर करून बसली होती, आणि तिच्यासमोर तळं आलं. तळं गेलं तोवर भीमजयंती होऊन गेली होती आणि बक्षिसाचा प्रेशर कुकर वेम्बलीला निघाला होता.

गयाबाईने वर केलेले हात खाली घेतले. तिने बटण दाबलं.

जगदीशने फोन केला तर तिने उचलला नाही. अरुणाने केला तर पहिल्या घंटीला उचलला.

"अरुणा, जवळ तो ऑफिसर आहे का?"

"आहे ना आई, स्पीकरवर आहात."

"त्याला सांग, मी नियम मोडायला सांगणार नाही. सहा महिने गप बसते. जगले वाचले तर येईन."

"आई, असं काय बोलतेस!" जगदीश म्हणाला.

"अरुणा, त्याला सांग, मी तुझ्याशी बोलतेय."

फोन ठेवल्यावर अरुणा बराच वेळ ओटा पुसत राहिली. पुसलेलाच पुसत राहिली.

"अहो, एका आईंचं तेवढं फिरवा ना."

"चॅनेल कायमचं जाईल. मग कोणाला काहीच राहणार नाही."

"आत्ता कोणाला काय राहिलंय?"

रविवारी जेवायला आलेली अन्वी जाता जाता म्हणाली, "बाबा, सहा महिना तुम्हाला छोटा वाटतो. आजी एटी-थ्री आहे."

पुढच्या शुक्रवारी "आईंना बघून येते" म्हणून अरुणा दुपारीच इल्फर्डला गेली. पुकारायला जगदीश एकटा. "बावीस. दोन आणि दोन, बावीस," तो टायची गाठ सावरत म्हणाला. टाळी नाही, खोकला नाही. पाहणाऱ्यांत फक्त एक नाव होतं, कंपनीची सुरक्षा टीम. अर्ध्या खेळातच त्यांचा संदेश आला की आपलं चॅनेल आदर्श आहे. इथे एकाही खेळाडूला अपाय झालेला नाही.

जगदीशची छाती फुगली. मग त्याने ते वाक्य पुन्हा वाचलं, आणि रिकाम्या पडद्याकडे बघितलं. त्याने यादी उघडली, आईच्या नावावर बोट ठेवलं आणि तिला परत आत घेतलं. तासाभराने चॅनेल बंद पडेल, पडो. कोट अडकवून तो घराबाहेर पडला. मेट्रोपॉलिटन लाइन, मग एलिझाबेथ लाइन, आणि डब्यात बसून सबंध वाट 'आई, मी नियम मोडला' हे वाक्य मनात घोळवणं. जन्मात न वापरलेलं वाक्य, तोंडात बसेना.

गयाबाईच्या दाराबाहेर चपला-बुटांचा ढीग होता. आतून अरुणाचा आवाज आला, "चौदा एप्रिल!" आणि पाठोपाठ टाळ्या. टॅबलेटमधून येतात तशा पिचक्या नव्हेत, भिंत हलवणाऱ्या.

दार अन्वीने उघडलं. आत वगळलेल्या आणि न वगळलेल्या सगळ्या होत्या. धम्मशीलाताई चांगल्या खुर्चीत, लेस्टरच्या सासू-सुना एकाच गादीवर, वैजयंती कांदाभजी तळतेय, आणि मधोमध गयाबाई, गुडघ्यांवर शाल आणि शालीवर तिकीट.

जगदीशची नजर सवयीने खोलीभर फिरली. खासगी घर, ओळखीची माणसं, आत यायला पैसे नाहीत. "परवाना लागत नाही," तो पुटपुटला. जरा निराशच झाला.

"काय रे, छापा घालायला आलास?" गयाबाईने विचारलं. आठवड्यानंतर पहिल्यांदा ती थेट त्याच्याशी बोलत होती.

"आई, मी तुला परत घेतलं. नियम मोडून घेतलं. चॅनेल गेलं असेल एव्हाना."

गयाबाईने त्याच्याकडे नीट बघितलं. तिचा चेहरा निवला.

"माझ्यासाठी मोडलास? गुणाचं ते माझं. पण मला आता नको बाबा ते."

आणि हे 'नको' अगदी इंग्रजी होतं.

"नको? अगं, मग मी एवढ्या लांबून कशाला आलो?" जगदीशचा आवाज चढला. "बरंय. खेळा तुम्ही. मला नाही खेळायचं. जातो मी!"

तो वळला आणि एक पायरी उतरून थांबला. असं म्हटल्यावर माणूस थांबतोच. मागून 'अरे, थांब थांब' येतं, कोणीतरी दंडाला धरतं, मग आपण हात झटकायचा, तो दुसऱ्यांदा धरेपर्यंत.

"बरं," गयाबाई म्हणाली. "सहा महिन्यांनी ये."

दार लागलं. आत हास्याचा जो स्फोट झाला तो म्हणे इल्फर्ड स्टेशनापर्यंत ऐकू गेला, आणि एक गाडी प्लॅटफॉर्मवर उगाचच खोळंबली. जगदीश पायरीवर बसला. खाली जावं तर पाय निघेना, दार वाजवावं तर तोंड नव्हतं. एवढ्यात दार वीतभर उघडलं आणि शालीतून निघालेल्या एका सुरकुतल्या हाताने भज्यांची ताटली बाहेर सरकवली.

"खेळायचं नाही म्हणालास," आतून आवाज आला. "खायचं नाही असं म्हणाला नाहीस."

जगदीशने एक भजं खाल्लं. दुसरं खाल्लं. आत अरुणाचा घसा बसत चालला होता. तिचा पुढचा आकडा नीट ऐकूच आला नाही आणि बायका एकदम ओरडल्या. तो दाराशी सरकला.

"आई, आकडे पुकारणारा माणूस खेळाडू धरतात का गं?"

आत कुजबुज झाली. मग अन्वीचा आवाज आला, "बाबा, पॉलिसी तुमचा. तुम्हीच सांगा!"

जगदीशने हातातलं भजं ताटलीत ठेवलं. एखाद्या पबचा अर्ज समोर असावा तसे डोळे मिटले आणि पुरेसा विचार केला.

"नाही धरत," तो गंभीरपणे म्हणाला.

"मग बाहेर काय करतोस?" गयाबाई म्हणाली. "आणि ताटली घेऊन ये."