बारा मीटरचं ओलं गणित

"राहू दे, बाबा. आई आली की तिला विचारते," असं म्हणून चिमणीने वही मिटली, आणि शिंप्याचं तोंड एवढंसं झालं.

लेकीचा अभ्यास नेहमी आईच घ्यायची. ती दवाखान्यातली ड्यूटी संपवून येईपर्यंत एक तरी गणित आपल्या हातून सुटलंच पाहिजे, असं त्याने मनाशी ठरवलं. त्यातून गणित कापडाचं! बारा मीटर कापडातलं एक तृतीयांश पडद्यांना लागलं, उरलेल्यातलं एक चतुर्थांश उशांना. तर शेवटी किती उरलं?

"अगं, हे तर माझ्या पोटापाण्याचं! लिही. आधी कापड भिजवायचं."

"पुस्तकात भिजवलेलं नाहीये."

"पुस्तकाला काय जातंय! कोरं कापड पाण्यात आटतं. बाराचे बारा राहतील कसे?"

चिमणीने बापाकडे असं काही पाहिलं, की तो इरेलाच पेटला. गिऱ्हाइकाचं बारा मीटर कापड नाहीतरी भिजवायचंच होतं. ते त्याने बादलीत बुचकळलं, बाहेरच्या लांब गॅलरीत कठड्यावर पसरलं आणि टेप घेऊन मोजायला लागला. भरलं साडेअकरा!

खालच्या मजल्यावरचे सुतारकाका पॉलिशचा ब्रश नाचवत वर आले. "अहो, माझ्या नव्या टेबलावर धार धरलीय तुम्ही! काय चाललंय काय?"

"अपूर्णांक," शिंपी म्हणाला.

काकांनी गणित ऐकलं मात्र, टेबल विसरले. "त्यात भुगा धरलात का?"

"कापडाला कसला आलाय भुगा?"

"कापलं की काहीतरी जातंच, राव! फुकट काही कापलं जात नाही."

झालं! आटलेलं वजा केलं, वाया जाणारं वजा केलं, त्याचे तीन भाग पाडले. पान भरलं, मागचं पानही भरलं. शेवटी जे उत्तर आलं ते कुणालाच वाचता येईना. चिमणीचे डोळे भरून आले. शिंप्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मग तिनेच नाक पुसलं. "बाबा, कापूच नका ना. नुसत्या घड्या घाला."

दोघे बाप्ये ओल्या कापडाची टोकं धरून उभे राहिले. तिने तीन सारख्या घड्या घालायला लावल्या. एक काकांकडे दिली. उरलेल्या कापडाची निम्म्यात घडी, पुन्हा निम्म्यात घडी. त्यातला चौथा भागही काकांकडे.

"आता काकांकडचं सगळं उलगडा आणि माझ्याकडच्या कापडाला लावून बघा."

लावलं. टोकाला टोक जुळलं. सुतासारखं.

"म्हणजे निम्मं उरलं! बाराचं निम्मं सहा."

"पण हे तर आटलंय," शिंपी पुटपुटला.

"आटू दे ना. आटलं तरी निम्मं ते निम्मंच."

शिंपी बघतच राहिला. आयुष्य कात्री चालवण्यात गेलं, आणि न कापता, रेघही न मारता कापडाने आपणहून उत्तर द्यावं! अंगावर काटा आला त्याच्या. काका तर ब्रश खिशात घालून हात जोडून उभे होते. खिशाला पॉलिश लागलेलं त्यांच्या गावीही नव्हतं.

तेवढ्यात आई आली. पाण्यातून वाट काढत, पर्स ठेवत म्हणाली, "अडलंय ना गणित? दे, मी बघते."

चिमणीने वही पाठीमागे लपवली. "तू थांब गं जरा. बाबांना आत्ता कुठे कळायला लागलंय."

शिंपी निमूटपणे लेकीसमोर मांडी घालून बसला. "पुढचं वाच," तो म्हणाला, "पण जरा हळू."