स्काल्डम परिषदेचा गद्दार

"हा ग्रंथ वाचून लंडन रडेल!" स्काल्डम ग्रामीण परिषदेचा इतिहास लिहायला घेतला त्याच दिवशी परिषदेचे माजी सभासद ऑब्री थर्कटल यांनी जाहीर करून टाकलं. लंडनचं माहीत नाही, त्यांचं हस्ताक्षर लावता लावता छापखानेवाला मात्र रडकुंडीला आला! ऐंशी वर्षांत परिषदेने मुख्यतः गटारं बांधली होती. थर्कटलांनी त्या गटारांवर अशी भाषा उधळली होती, की जणू रोमन साम्राज्यच वाहून चाललंय!

१९७४ साली सरकारने ही परिषद मोडली आणि शेजारच्या शहराच्या गळ्यात बांधली. त्याआधी निषेधाचं पत्र पाठवायचा ठराव आला होता. तो एका मताने पडला. विरोधातले सहा जण तर उघडच शहराच्या बाजूचे होते; पण ते सातवं मत कोणाचं, याचा थर्कटल दहा वर्षं शोध घेत होते. पुस्तकात त्यावर अख्खं प्रकरण होतं: 'गद्दार'.

छापण्यापूर्वी त्यांनी गावच्या सभागृहात त्याचं वाचन ठेवलं. फुकट चहा-केक म्हटल्यावर साठ माणसं जमली.

"तो नीच माणूस इथेच बसलाय!" थर्कटल गरजले आणि त्यांनी बोट रोखलं ते थेट डन्स्टन हेबवर. हेब शेतकरी, परिषदेचा जुना सभासद.

"माझ्याकडे काय बघतोस रे ऑब्री?" हेब केकसकट उठला. "मी ठरावाच्या बाजूने होतो!"

"सगळे गद्दार असंच म्हणतात!"

"तुझ्या त्या ऐतिहासिक गटारात बुडवीन तुला!"

दुसऱ्या रांगेत मिस पेटिफर विणत बसल्या होत्या. परिषदेच्या जुन्या चिटणीस. त्यांनी पिशवीतून एक जाडजूड वही काढली.

"इतिवृत्त आहे माझ्याकडे."

"इतिवृत्तं कारकुनांसाठी असतात, बाई! मी इतिहास जगलोय!"

"जगलात खरे. पण त्या दुपारी तुम्ही झोपला होतात."

"वाचा! वाचा!" सभागृह ओरडलं.

"वाचाच!" थर्कटल छाती काढून म्हणाले. "होऊन जाऊ दे!"

मिस पेटिफरनी चष्मा सावरला. "'बाजूने सहा, विरोधात सात. सातवा हात श्री. थर्कटल यांनी जागे होऊन वर केला व "वारा येतोय" असे म्हटले. त्याचा अर्थ परिषदेस कळला नाही.'"

थर्कटलांना झर्रकन सगळं आठवलं. जेवणातलं ते जड मटण, मानेवर येणारी गार झुळूक, आणि 'विरोधात कोण?' हा प्रश्न. त्यांना वाटलं होतं, खिडकी उघडी ठेवण्यावर मतदान चाललंय!

"दहा वर्षं... सांगितलं का नाहीत?" ते पुटपुटले.

"तुम्ही साऱ्या तालुक्याला विचारलंत, मला सोडून. मला फक्त चहा आणायला सांगायचात."

हेब तर हसता हसता खुर्चीवरून पडला! पण उठल्यावर त्याने अट घातली: माफी म्हणून ते इतिवृत्त पुस्तकात जसंच्या तसं छापायचं. नाही म्हणायला थर्कटलांकडे तोंड उरलं नव्हतं.

पुस्तकाच्या सगळ्या प्रती आठवड्यात खपल्या! थर्कटल हरखले. इतिहासाची कदर करणारी माणसं अजून आहेत तर! मग एकदा हेबच्या घरी त्यांना एक प्रत दिसली. त्यांनी कौतुकाने हातात घेतली, तर ती आपोआप पान त्रेसष्टवर उघडली, इतिवृत्ताच्या पानावर.

बाकीची पानं अजून एकमेकांना चिकटलेलीच होती.