दहा मिनिटांचं एक वर्ष

त्या प्रांतात वेळ सगळीकडे सारख्या वेगाने जात नाही, ही गोष्ट सरकारने फार पूर्वीच मान्य केली होती. दाखले देणाऱ्या कचेरीत फरशीवर एक पिवळी रेषा आखलेली होती. रेषेच्या आत दहा मिनिटं गेली की बाहेर एक वर्ष उलटायचं. नागरिकांचा गैरसमज होऊ नये म्हणून दारावर तसा फलक लावला होता आणि खाली गैरसोयीबद्दल दिलगिरी व्यक्त केली होती. असं का होतं याचा अभ्यास करायला एक समितीही नेमली होती. ती पाहणीसाठी रेषेच्या आत गेली आणि तिचा अहवाल लवकरच अपेक्षित होता. कर्मचाऱ्यांची मात्र काहीच तक्रार नव्हती. त्यांची घरं, बायकामुलं आणि कँटीन सगळं रेषेच्या आतच होतं.

अशा या प्रांतात एका शिंप्याला आपल्या पाच वर्षांच्या मुलीचा जन्मदाखला काढायचा होता. शाळेच्या मुख्याध्यापिका बाईंनी स्वच्छ सांगितलं होतं, की मूल समोर उभं असलं तरी ते जन्मल्याचा पुरावा लागतो. अर्ज पित्यानेच समक्ष करायचा, असा नियम होता.

“सहाच माणसं आहेत रांगेत, मी बघून आलो,” मेहुणा म्हणाला. त्याला सगळ्यातलं सगळं कळत असे. “माणशी दोन मिनिटं धरा भावोजी. बारा मिनिटं. म्हणजे वर्ष, सव्वा वर्ष. हां हां म्हणता परत याल.”

“आणि तोवर मी काय करू?” शिंप्याची बायको म्हणाली.

“अगं, वर्षभर उशिरा जाईल शाळेत, एवढंच ना?” शिंपी म्हणाला. गळ्यात मापाची टेप तशीच ठेवून, मुलीच्या गालाला हात लावून तो निघाला.

रांगेत सहाच माणसं होती, हे खरं. पण पाचव्याचं खिडकीतल्या कारकुनाशी वाजलं. आठ मिनिटं दोघंही हटेनात. शिंप्याच्या मुलीचे दुधाचे दात त्या भांडणात पडले. वीस मिनिटांनी तो खिडकीपाशी पोचला.

“मुलीचं वय पाच लिहिलंय,” कारकून म्हणाला. “आज किती आहे?”

शिंप्याने बोटं मोजली. “सात.”

“मग खोटी माहिती कशाला देता? नवा फॉर्म घ्या. रांगेच्या शेवटी उभे राहा.”

एव्हाना रांग वाढली होती. पुढच्या म्हाताऱ्या गृहस्थांना त्याची दया आली. ‘आमच्या आजोबांच्या वेळेपासून हे इथे आहेत,’ असं लोक त्यांच्याबद्दल म्हणत. “नवीन दिसताय,” ते म्हणाले. “अहो, आजचं वय लिहायचं नसतं. खिडकीशी पोचाल तेव्हाचं लिहायचं.”

शिंप्याने वीस मिनिटांचा अंदाज बांधून नऊ लिहिलं. अंदाज तंतोतंत होता. नेमका एक माणूस पुढे उरला असताना कारकून चहाला उठला आणि तीन वर्षांनी परत आला.

त्या चहातच मुलगी भेटायला आली. अर्ध्या मिनिटाच्या भेटीसाठी तिने शाळेतून अठरा दिवसांची रजा घेतली होती. शाळेने तिला दाखल्याच्या अटीवर तात्पुरतं घेतलं होतं. डब्यात पोळी-भाजी होती.

“बाबा, अजून किती वेळ?”

“झालंच गं. एकच माणूस आहे. हात पुढे कर बघू.” त्याने टेप काढली आणि तिच्या बाहीचं माप घेतलं. घरी घेतलेल्या मापापेक्षा किती इंच वाढली, हे मनात मांडेपर्यंत अठरा दिवस संपले आणि मुलगी धावत रेषेबाहेर गेली. शिंप्याला भडभडून आलं. आत्ताच्या आत्ता तिच्यामागे जावं असं त्याला फार वाटलं.

“एवढी वर्षं काढलीत, आता अर्ध्यातून जाणार?” मागचा म्हणाला. त्याचा मागचाही तेच म्हणाला. सगळ्या रांगेचं या एका बाबतीत एकमत होतं. शिंपी थांबला. नऊ लिहिलेला फॉर्म अर्थातच परत आला.

दुपारपर्यंत बाहेर एक नवीन फॅशन आली होती. रेषेच्या आत वय वाढत नाही, हे कुणा नटीच्या ध्यानात आलं आणि ती येऊन रांगेत उभी राहिली. तिच्यामागे बडी बडी मंडळी आली. कुणी योगासनांची चटई आणली, कुणी आरशासकट आलं.

“बाई, तुमचं काय काम आहे?” शिंप्याने विचारलं.

“काम? इश्श! मी नुसती उभी आहे.”

“मग मला पुढे जाऊ द्या ना.”

“जा की! पुढे कुणाला जायचंय?”

पण टोकनचा क्रम मोडायला कारकून तयार नव्हता. बिनकामाची माणसं एकेक करून खिडकीशी जात, आजची तारीख विचारत आणि समाधानाने पुन्हा शेवटी उभी राहत.

सव्वादोनच्या सुमाराला मुलगी पुन्हा आली. चोवीस वर्षांची होती. तात्पुरती पदवी मिळाली होती, तात्पुरती नोकरी लागली होती आणि लग्न ठरलं होतं. “दाखला नाही म्हणून लग्नाची नोंदही तात्पुरतीच होईल म्हणे,” ती म्हणाली. “पण तुम्ही याल ना बाबा?”

“अकरा माणसं आहेत गं. तेवढी संपली की आलोच.” लग्नाच्या घटकेला चौथा माणूस खिडकीशी तारीख विचारत होता.

साडेतीनला शिंपी खिडकीपाशी पोचला. मुलगी नुकतीच आत येऊन शेजारी उभी राहिली होती. फॉर्मवर वय होतं बत्तीस, आणि ते बिनचूक होतं. कारकुनाने कौतुकाने मान हलवली. मग त्याने चष्मा खाली केला.

“अर्जदाराचं वय?”

“एकतीस.”

“म्हणजे वडील मुलीपेक्षा वर्षाने लहान. हे चालणार नाही.”

“अहो, सकाळी मी तिच्याहून सव्वीस वर्षांनी मोठा होतो हो!”

“सकाळचं मला सांगू नका. सोपं आहे. आता त्या थोरल्या आहेत. तुमच्या वतीने त्यांनी अर्ज करावा. टोकन तिकडे मिळेल.”

मुलीने निमूटपणे पदर खोचला आणि ती टोकन घ्यायला निघाली.

“कुठे निघालीस?” शिंपी ओरडला.

“उभी राहते बाबा. माझ्या मुलीला शाळेत घालायचंय. आईचा दाखला असल्याशिवाय तिला घेत नाहीत. फार वेळ नाही लागायचा, वीसेक माणसं आहेत.”

“किती वर्षांची आहे ती?”

“पाच पूर्ण झाली.”

शिंप्याने फॉर्म तिथेच टाकला. मुलीचं मनगट धरलं आणि चटया तुडवत, आरसे ढकलत तो पळत सुटला. “अहो, एवढी वर्षं काढलीत!” मागून सगळे ओरडले. दाराशी पोचायला वीस सेकंद लागले. त्या बारा दिवसांबद्दल त्याला आजही हळहळ वाटते.

घराचं दार साठीला टेकलेल्या बायकोने उघडलं. तिने त्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. “आलात? हां हां म्हणता येणार होतात ना!” ती म्हणाली आणि मग तिला रडू आवरेना. पाच वर्षांची नात दारामागून बघत होती. एवढा तरुण आजोबा तिने कधी पाहिला नव्हता.

ही हकिगत आजवर पुष्कळांना सांगून झाली. ऐकणारे चुकचुकतात, कारकुनाला शिव्या घालतात, असल्या कारभाराला कुणी वाली उरला नाही म्हणतात. मग जरा जवळ सरकतात आणि आवाज खाली आणून विचारतात, “पण तिथे उभं राहिलं की वय खरंच वाढत नाही का हो?” नातीला शाळेत घेतलं की नाही, हे अजून एकानेही विचारलेलं नाही. तुम्हीही नाही विचारलंत. असो. कचेरी अकराला उघडते. तुम्हाला रांगेत शेवटचाच नंबर हवा असणार, तेव्हा सावकाश निघालात तरी चालेल.